संशयित लेख्य आणि हस्ताक्षरपरीक्षा

जुन्या कागदपत्रांचा संग्रह करणाऱ्यास दोन प्रश्न नेहमीं विचारले जातात: कागद केव्हांचा आणि अक्षर कोणाचें? पहिल्या प्रश्नाचें उत्तर देतांना आपण शक, सन, तिथि व वार यांची जंत्रीशीं सांगड घालून पाहतों. दुसऱ्याचें उत्तर देतांना मात्र पुष्कळदां 'अक्षर जुळतें' एवढेंच म्हणून थांबतों. इतिहाससंशोधनांत ह्या उतावळेपणानें फार तर एखादें चुकीचें टिपण छापलें जाईल आणि पुढील अंकांत कोणी तें खोडून काढील. फौजदारी न्यायालयांत त्याच दोन शब्दांनीं मनुष्य बंदिवासांत जातो, आणि त्यांचें खंडन होईपर्यंत त्याच्या आयुष्याचीं वर्षें निघून गेलेलीं असतात. म्हणून जुन्या हस्ताक्षरांशीं ज्यांचा रोजचा संबंध, त्यांनीं हस्ताक्षरपरीक्षेची शक्ति किती व तिची मर्यादा कोठें, हें न्यायालयांतील अनुभवावरून पाहून ठेवणें अवश्य आहे.

हा प्रश्न आपल्या धर्मशास्त्रकारांस नवा नव्हता. खोटें राजशासन तयार करणाऱ्यास मनूनें वधदंड सांगितला आहे. याज्ञवल्क्यस्मृतीच्या व्यवहाराध्यायांत तर लेख्याचें स्वतंत्र प्रकरणच आहे. लेख्यांत वर्ष, मास, पक्ष, तिथि, तसेंच उभयतांचीं नांवें, जाति व गोत्र हीं असावीं. ऋणकोनें शेवटीं स्वहस्तें आपलें व आपल्या पित्याचें नांव घालून वरील मजकूर मान्य असल्याचें लिहावें. साक्षीदारांनींही पित्याच्या नांवासह आपली साक्ष स्वहस्तें घालावी. आणि सर्वांच्या अखेरीस लेखकानें आपलें नांव लिहावें, असा तेथील विधि आहे. एकाच कागदावर निरनिराळे हात उतरले म्हणजे पुढें वाद पडल्यास ताडून पाहण्यास साधन राहतें, हा त्यांतील व्यावहारिक लाभ उघड आहे.

इतकें करूनही लेख्य संशयित ठरलें तर काय करावें? याज्ञवल्क्य त्याच्या शुद्धीचे मार्ग सांगतो आणि विज्ञानेश्वरानें मिताक्षरेंत त्यांचा अर्थ उलगडला आहे. पहिला मार्ग, त्याच मनुष्यानें स्वहस्तें लिहिलेल्या दुसऱ्या कागदांशीं तुलना. दुसरा, युक्तिप्राप्ति: ह्या देशीं, ह्या काळीं, ह्या पुरुषापाशीं हें द्रव्य असणें संभवतें कीं नाहीं. तिसरा, क्रिया, म्हणजे साक्षीदारांचा पुरावा. चौथा, चिह्न, म्हणजे श्रीकारासारखी त्या लेखकाची विशेष खूण. पांचवा, संबंध: उभयतांत पूर्वीपासून देवघेव व विश्वास होता कीं काय. सहावा, आगम: ती वस्तु त्यास मिळण्याचा मार्ग संभाव्य आहे कीं काय. अक्षरांची तुलना ह्या मालिकेंत पहिली आहे, परंतु एकटी नाहीं. प्रस्तुत लेखांतील सर्व प्रतिपादन ह्या एका वाक्यांत येतें. त्याची सत्यता पटविण्यास फ्रान्समधील ड्रेफस खटल्याइतकें बोलकें उदाहरण मिळणें कठीण.

१८९४ च्या सप्टेंबरमध्यें पॅरिस येथील जर्मन वकिलातींतून बाहेर आलेला, तुकडे केलेला एक पातळ कागद फ्रेंच हेरखात्याच्या हातीं पडला. त्यावर सही नव्हती व तारीखही नव्हती. तोफखाना आणि इतर लष्करी बाबींसंबंधीं कांहीं टिपणें पाठवीत असल्याची ती एक याद होती. ज्या अर्थीं माहिती तोफखान्याची, त्या अर्थीं लेखक तोफखान्याचा अधिकारी असावा, असा तर्क झाला. आणि सैन्याच्या मुख्य कचेरींत उमेदवारी करीत असलेल्या कॅप्टन आल्फ्रेड ड्रेफस याचें अक्षर यादीतल्यासारखें दिसलें. ड्रेफस ज्यू होता. त्या काळीं फ्रेंच सैन्यांत ज्यूंविषयीं जो द्वेष होता, त्यानें ह्या साम्याला बळकटी आणली.

याद प्रथम बँक ऑफ फ्रान्सचा परीक्षक गोबेर याजकडे गेली. अक्षर स्वाभाविक व भरभर लिहिलेलें आहे, मुद्दाम बदललेलें नाहीं, आणि तें संशयित इसमाखेरीज दुसऱ्या कोणाचें असूं शकेल, असें त्यानें कळविलें. हें उत्तर अधिकाऱ्यांस मानवलें नाहीं. तेव्हां कागद आल्फाँस बर्टिलाँ याजकडे पाठविण्यांत आला. शरीराच्या मापांवरून गुन्हेगार ओळखण्याच्या पद्धतीचा हा जनक. हस्ताक्षर हा त्याचा विषय नव्हे. त्यानें एका दिवसांत दोन्ही अक्षरें एकाच हातचीं असल्याचा अभिप्राय दिला, आणि १५ ऑक्टोबर रोजीं ड्रेफसला अटक झाली. मागाहून आणखी तीन परीक्षक नेमले गेले. त्यांपैकीं पेल्तिए यानें अक्षर ड्रेफसचें नव्हे म्हणून सांगितलें. तेसोनिएर व शारावे यांनीं तें त्याचेंच ठरविलें. याप्रमाणें पांचांपैकीं तिघे एका बाजूस व दोघे दुसऱ्या बाजूस झाले.

ह्यांतील एतिएन शारावे याच्याकडे आपण विशेष लक्ष दिलें पाहिजे, कारण तो आपल्याच व्यवसायाचा माणूस होता. जुनीं लिपि वाचण्याचें रीतसर शिक्षण त्यानें घेतलेलें होतें, आणि ऐतिहासिक पुरुषांच्या हस्ताक्षरांचा जाणकार व व्यापारी म्हणून पॅरिसमध्यें त्याची मोठी प्रतिष्ठा होती. असा मनुष्यही चुकला. चूक विद्येच्या अभावानें झाली नाहीं. त्याच्यापुढें एकच संशयित ठेवला होता. यादीचें अक्षर व ड्रेफसचें अक्षर यांत साम्य होतें व भेदही होते. तिसरें अक्षर समोर नसल्यामुळें साम्य डोळ्यांत भरलें आणि भेद हे लेखकानें मुद्दाम केलेले, असा त्यानें समज करून घेतला.

बर्टिलाँनें तर ह्यापुढें मजल मारली. ड्रेफसनें स्वतःच्याच अक्षराची नक्कल केली. पकडला गेलों तर हें कोणीतरी बनविलें असें म्हणतां यावें, म्हणून त्यानें भेद हेतुपूर्वक घातले, असा सिद्धांत त्यानें न्यायाधीशांपुढें मांडला. ह्या सिद्धांतांतील दोष तर्कशास्त्राच्या विद्यार्थ्यालाही दिसेल. साम्य दिसलें तर तो पुरावा, आणि भेद दिसला तर तोही पुरावा! ज्या अनुमानास बाधक असा एकही दृष्टांत संभवत नाहीं, तें अनुमान नव्हे. नैयायिकांच्या भाषेंत सांगावयाचें तर येथें विपक्ष मानलाच गेला नाहीं, मग हेतूची परीक्षा व्हावी कोठें?

बंद दाराआड लष्करी न्यायालय बसलें. आरोपी व त्याचा वकील यांस न दाखवितां एक गुप्त दप्तर न्यायाधीशांच्या हातीं देण्यांत आलें. २२ डिसेंबर १८९४ रोजीं ड्रेफस एकमतानें दोषी ठरला. ५ जानेवारी १८९५ रोजीं सैनिकांच्या समक्ष त्याचीं अधिकारचिह्नें उपटून तरवार मोडण्यांत आली, आणि त्याची रवानगी दक्षिण अमेरिकेच्या किनाऱ्यालगतच्या डेव्हिल्स आयलंड ह्या ओसाड बेटावर झाली. तेथें तो १८९९ च्या जूनपर्यंत होता.

सत्य बाहेर आलें तें तिसरें अक्षर समोर आल्यावर. १८९६ सालीं हेरखात्याचा नवा प्रमुख पिकार याच्या हातीं मेजर एस्टरहाझी नांवाच्या दुसऱ्या अधिकाऱ्याचीं पत्रें आलीं, आणि यादीचें अक्षर हेंच, असें त्याच्या ध्यानीं आलें. नांव झांकून तीं पत्रें त्यानें बर्टिलाँस दाखविलीं; हें यादीचेंच अक्षर, असें बर्टिलाँ म्हणाला. पत्रें अलीकडचीं आहेत असें सांगतांच, ज्यूंनीं कोणास तरी हें अक्षर गिरवावयास शिकविलें असावें, असें उत्तर त्यानें दिलें. त्याच वर्षीं नोव्हेंबरांत एका वृत्तपत्रानें यादीची हुबेहूब प्रतिमा छापली. पुढें १८९७ मध्यें ती प्रतिमा एका पेढीवाल्याच्या पाहण्यांत आली, आणि आपल्या एका जुन्या गिऱ्हाइकाचें हें अक्षर त्यानें सहज ओळखलें. तें गिऱ्हाईक एस्टरहाझी होतें. जें तज्ज्ञांस साधलें नाहीं, तें रोजच्या पत्रव्यवहारानें डोळ्यांत बसलेल्या परिचयास साधलें.

तरीसुद्धां १८९८ च्या जानेवारींत लष्करी न्यायालयानें एस्टरहाझीस निर्दोष सोडलें. तीन परीक्षकांनीं याद त्याच्या हातची नसल्याचा अभिप्राय दिला होता. एमिल झोला यानें आपल्या सुप्रसिद्ध जाहीर पत्रांत ह्या तिघांचीं नांवें घेतलीं. झोलावर खटला झाला तेव्हां पॉल मेयर, मोलिनिए, जिरी इत्यादि जुन्या दस्तऐवजांचे नामांकित अभ्यासक साक्षीस उभे राहिले व अक्षर एस्टरहाझीचें असल्याचें त्यांनीं सांगितलें. आणि १८९९ सालीं रेन येथें ड्रेफसची पुन्हां चौकशी झाली, तेव्हां शारावे भर न्यायालयांत उभा राहिला. नवें अक्षर पाहिल्यावर आपली १८९४ ची चूक आपणांस कळली, याद एस्टरहाझीची आहे, आणि हें सांगितल्यानें आपल्या मनावरचें ओझें उतरलें, अशा आशयाचे त्याचे उद्गार आहेत. त्याच वर्षीं तो वारला. संशोधकाच्या चरित्रांत ह्याहून मोठा दिवस क्वचितच येत असेल.

आतां याज्ञवल्क्याचे मार्ग ह्या यादीस लावून पाहावे. यादीच्या अखेरीस लेखकानें आपण लष्करी कवायतीच्या मोहिमेस निघत असल्याचें लिहिलें होतें. ड्रेफससारखे उमेदवार त्या वर्षीं अशा मोहिमेस जाणार नव्हते. ही युक्तिप्राप्ति. तोफेच्या एका भागाचें नांव यादींत असें लिहिलें होतें, कीं तोफखान्याचा अधिकारी तें तसें लिहिणार नाहीं. हें चिह्न. एस्टरहाझी कर्जबाजारी होता आणि जर्मन वकिलातीशीं त्याचा संबंध दाखविणारा कागद पिकारला सांपडला होता. ड्रेफस सुखवस्तु होता आणि त्याचा असा संबंध कधींच दिसून आला नाहीं. हा संबंध. याद ज्या विशिष्ट पातळ, चौकटी छापलेल्या कागदावर होती, तशाच कागदावर एस्टरहाझीनें १८९२ व १८९४ सालीं लिहिलेलीं पत्रें पुढें हातीं आलीं. हा जवळजवळ आगमच म्हणावयाचा. ह्यांपैकीं पुष्कळशा गोष्टींचा शोध १८९४ सालींच घेतां आला असता. 'अक्षर जुळतें' म्हटल्यावर तो घेण्याची गरज कोणास वाटली नाहीं.

ह्याच प्रकरणांतील दुसरा कागद आपणांस आणखी एक धडा देतो. ड्रेफसचा गुन्हा पक्का करण्यासाठीं हेरखात्यांतील कर्नल आंरी यानें परकीय वकिलाच्या नांवें एक पत्र बनविलें. मायना व सही एका खऱ्या पत्राची, आणि मधला मजकूर स्वतः नकललेला, असे तुकडे त्यानें जोडले. १८९८ च्या ऑगस्टांत कॅप्टन क्विन्ये रात्रीं दिव्याच्या उजेडांत तें पत्र पाहत असतां, कागदावरील छापील चौकटींच्या रेघांचा रंग दोन ठिकाणीं वेगळा आहे, हें त्यास दिसलें: कांहीं तुकड्यांवर निळसर करड्या, कांहींवर जांभळट. ३० ऑगस्ट रोजीं आंरीनें कबुली दिली व दुसऱ्या दिवशीं कोठडींत आत्महत्या केली. जें अक्षरानें उघड झालें नव्हतें, तें कागदानें उघड केलें.

रेनच्या न्यायालयानेंही ड्रेफसला दोषी ठरविलें. त्यास राष्ट्राध्यक्षांची माफी घ्यावी लागली. १९०४ सालीं दार्बू, आपेल व प्वांकारे ह्या तीन गणितज्ञांनीं बर्टिलाँच्या मोजमापांची तपासणी करून तीं निराधार ठरविलीं: मापें तुकडे डकवून पुन्हां उभारलेल्या यादीवरून घेतलेलीं, आणि संभाव्यतेचें गणित अस्थानीं लावलेलें. १२ जुलै १९०६ रोजीं फ्रान्सच्या सर्वोच्च न्यायालयानें ड्रेफसची पूर्ण निर्दोषता जाहीर केली. एका यादीच्या अक्षरापायीं जवळजवळ बारा वर्षें गेलीं.

ह्यावरून हस्ताक्षरपरीक्षा निरुपयोगी असें मात्र कोणी समजूं नये. अमेरिकेंतील आल्बर्ट ऑसबॉर्न यानें १९१० सालीं संशयित लेखांवर ग्रंथ प्रसिद्ध केला, तेव्हांपासून ह्या विद्येस बरीच शिस्त आली आहे. तिचीं मुख्य तत्त्वें शाळेंत कित्ते गिरवून घेतलेल्या कोणाही शिक्षकास पटतील. एकाच कित्त्यावर हात बसविलेल्या मुलांचीं अक्षरें एका वळणाचीं होतात. हें साम्य वर्गाचें, व्यक्तीचें नव्हे. व्यक्ति ओळखावयाची ती कित्त्यापासून तिनें नकळत कोठें फारकत घेतली, त्यावरून. दुसरें असें कीं, कोणीही मनुष्य एकच अक्षर दोनदां अगदीं सारखें काढीत नाहीं. दोन सह्या तंतोतंत एकमेकींवर बसल्या, तर एक दुसरीवरून गिरविलेली असण्याचा संभव अधिक. तिसरें, नक्कल करणारा आकार साधतो, पण गति साधत नाहीं. रेघ कांपते, लेखणी भलत्या ठिकाणीं उचलली जाते, मागून डागडुजी केलेली दिसते. चौथें, पुष्कळ साम्यांपेक्षां ज्याचा उलगडा होत नाहीं असा एक मूलभूत भेद अधिक बोलका असतो.

मोडी कागदांस हीं तत्त्वें लावतांना विशेष जपावें लागतें. मोडींत आधीं शिरोरेघ ओढून तिच्या आधारानें, लेखणी शक्य तितकी कमी उचलून अक्षरें काढीत. बोरूचा काप व शाईचा भर यांनीं रेघेची जाडी बदलते. शिवाय पत्र ज्याच्या नांवचें, त्याच्या हातचें तें बहुधा नसतेंच. मजकूर कारकुनाचा असतो. फडांतील कारकुनांचें वळण एकमेकांशीं जुळतें. तेव्हां 'अक्षर अमक्या सरदाराचें' असें म्हणण्यापूर्वीं तो सरदार स्वहस्तें लिहीत असे काय आणि त्याचा निर्विवाद नमुना कोणता, हें सांगितलें पाहिजे.

नमुन्याचें शुद्धत्व हा तर ह्या विद्येचा पाया आहे. १९८३ च्या एप्रिलमध्यें जर्मनींतील एका साप्ताहिकानें हिटलरच्या रोजनिशा सांपडल्याचें जाहीर केलें. परदेशीं परीक्षकांनीं अक्षर ताडून पाहून अनुकूल मत दिलें होतें. परंतु ताडण्यासाठीं दिलेल्या नमुन्यांतच त्याच बनावट लेखकाच्या हातचे कागद होते! म्हणजे एका लबाडीची साक्ष दुसऱ्या लबाडीनें दिली. पुढें जर्मन सरकारी दप्तरखान्यानें केलेल्या तपासणींत कागदांत महायुद्धानंतर वापरांत आलेलें शुभ्रक द्रव्य आढळलें आणि वह्यांचें खोटेपण उघड झालें. १९८५ सालीं बनविणारा कुयाउ व तें विकत आणणारा वार्ताहर या दोघांस कैदेची शिक्षा झाली.

अमेरिकेंतील मार्क हॉफमन ह्या हस्तलिखितांच्या व्यापाऱ्याची कथा संग्राहकांनीं विसरूं नये अशी आहे. मॉर्मन पंथाचीं जुनीं पत्रें म्हणून त्यानें स्वतः बनविलेले कागद जाणत्या परीक्षकांनींही खरे मानले. आपलें बिंग फुटेल ह्या भीतीनें त्यानें १९८५ च्या ऑक्टोबरांत स्फोटकें ठेवून दोन माणसांचे प्राण घेतले. त्याचें खोटेपण सूक्ष्मदर्शकाखालीं कळलें: रसायनांनीं मुद्दाम जुनी केलेली शाई भेगाळली होती; त्या काळच्या खऱ्या कागदांवरील शाईस तशा भेगा नव्हत्या. १९८७ च्या जानेवारींत त्यानें गुन्हा कबूल केला.

आपल्या देशांतील कायद्यानें ह्या सर्व अनुभवाची दखल घेतली आहे. १८७२ च्या पुराव्याच्या कायद्यांत तज्ज्ञाचें मत ४५ व्या, अक्षराशीं परिचित असलेल्याचें मत ४७ व्या, आणि न्यायालयानें स्वतः करावयाची तुलना ७३ व्या कलमांत सांगितली होती. १ जुलै २०२४ पासून त्या जागीं भारतीय साक्ष्य अधिनियम आला असून त्यांत हींच कलमें अनुक्रमें ३९, ४१ व ७२ ह्या क्रमांकांखालीं आहेत. तज्ज्ञाच्या नुसत्या मतावर शिक्षा देणें धोक्याचें, असें सर्वोच्च न्यायालयानें १९७७ सालीं म्हटलें. १९८० सालीं त्यानें अधिक समतोल मांडणी केली: तज्ज्ञ हा कांहीं गुन्ह्यांतील साथीदार नव्हे, म्हणून त्याच्या मतास प्रत्येक वेळीं दुसऱ्या पुराव्याचा पाठिंबा हवाच असा नियम नाहीं, परंतु विद्या अजून अपूर्ण असल्यामुळें न्यायाधीशानें सावध राहावें, मतामागचीं कारणें तपासावीं आणि इतर पुरावा विचारांत घ्यावा. तज्ज्ञाच्या नांवावर भिस्त न ठेवतां त्याचीं कारणें पाहावीं, हा ह्या निर्णयाचा सारांश आपल्याही कामाचा आहे.

संग्राहकाच्या हातून न्यायास व इतिहासास जी मदत होऊं शकते, ती कागद वाचण्यापूर्वींच सुरू होते. कागद कोणाकडून, कोणत्या गांवीं, कोणत्या दप्तरांत, कोणत्या कागदांच्या शेजारीं मिळाला, हें त्याच दिवशीं लिहून ठेवावें. रुमालाचा जुना क्रम मोडूं नये. फाटलेला कागद डकवून त्याच्या कडा व पाठ झांकून टाकूं नयेत. छायाचित्र घेतलें तरी अस्सल जपावें, कारण शाईचा थर व लेखणीचा दाब छायाचित्रांत उतरत नाहीं. अक्षरासंबंधीं मत देतांना कोणत्या नमुन्यांशीं ताडलें, साम्यें कोणतीं, भेद कोणते, हीं तिन्ही सांगावीं. आणि कोणी एकच नांव पुढें करून मत विचारूं लागला, तर त्यास आणखी दोघातिघांचें अक्षर आणावयास सांगावें. शारावेपुढें १८९४ सालीं एस्टरहाझीची एक चिठ्ठी जरी असती, तरी एक निरपराध मनुष्य त्या बेटावर गेला नसता. इत्यलम्.